दाव्यात तडजोड करताय? कागद नीट करा

परळच्या जागेवरून मी आणि माझा चुलतभाऊ नऊ वर्षं फोर्टातल्या सिटी सिव्हिल कोर्टात भांडलो. शेवटी काकूच्या तेराव्याला, पानावर बसलेलो असताना, दादाच म्हणाला, "पुरे आता." मिटवायचं ठरलं. पण नुसतं तोंडी ठरून भागत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23, नियम 3 प्रमाणे तडजोड लेखी हवी, खाली पक्षकारांच्या सह्या हव्यात. मुंबईत तिला सगळे 'कन्सेंट टर्म्स'च म्हणतात.

मसुदा वकिलांवर सोडून घरी जाऊ नका. रक्कम आकड्यात आणि अक्षरात, तारीख, चेक की डिमांड ड्राफ्ट, चावी कधी, सोसायटीची थकबाकी कोणाकडे, सगळं लिहा. आमच्यात "लवकरात लवकर" असं आलं होतं. मी ते खोडायला लावलं. हप्ता चुकला तर काय, हेही घाला. आणि सह्या सगळ्यांच्या: आमची आत्या डोंबिवलीला, तिच्यापायी एक तारीख फुकट गेली.

दाव्यात नसलेली जमीन किंवा घर (आमच्याकडे गावची पडवी) त्यात घालणार असाल, तर हुकूमनाम्याची (तडजोडीवर कोर्ट देतं त्या निकालाची) नोंदणी लागेल का, ते वकिलांना आधीच विचारा.

न्यायाधीश विचारतात, राजीखुशीने सही केलीत ना? मग हुकूमनामा. त्यावर त्याच संहितेच्या कलम 96(3) प्रमाणे अपील नाही, म्हणून सहीआधी एक रात्र कागद उशाशी ठेवा. लोकअदालतीत मिटलं तर कोर्ट फी परत मिळते. हुकूमनाम्याच्या प्रमाणित नकलेसाठी लगेच अर्ज करा. आमच्या सोसायटीने तिच्याशिवाय नाव बदललं नाही.