महाबळेश्वर ते किर्लोस्करवाडी: दोन दिवसांची लोखंडाची वाट

ही वाट वरून खाली उतरत करा. आधी दगड, मग भट्टी, शेवटी नांगर, असा क्रम आपोआप लागतो.

पहिला दिवस महाबळेश्वरचा. इथल्या जांभ्यातलं लोखंड धावड लोक लोणारी कोळशाच्या भट्टीत गाळत. कोळसा महागला, विलायती लोखंड स्वस्त पडू लागलं आणि धंदा बसला. पाटी, कमान शोधत बसू नका. मेढ्याकडे उतरताना केळघर घाटातला तांबडा जांभा नीट बघा, म्हणजे कीट, म्हणजे लोखंड गाळल्यावर उरलेला मळ, ओळखता येतं. कीट काळं आणि जड असतं, एका अंगाला ओघळल्यासारखं. फुटलेली कड काचेसारखी चमकते. जांभ्यालाही भोकं असतात, पण ही चमक नसते. नुसत्या चुंबकावर विसंबू नका, वणव्यात भाजलेला जांभाही त्याला चिकटतो. फोटो घ्या, तुकडा तिथेच ठेवा. पावसाळ्यात या घाटात दरडी येतात, धुकंही दाट. नोव्हेंबर ते फेब्रुवारी बरा. मुक्काम साताऱ्यात.

दुसऱ्या दिवशी सकाळी लवकर कराड गाठा आणि ओगलेवाडीला वळा. कराडचं रेल्वे स्टेशन शहरात नाही, ते इथेच आहे, त्यामुळे रेल्वेने येणाऱ्यांनाही सोयीचं. १९१६ साली सुरू झालेल्या इथल्या काच कारखान्याचा 'प्रभाकर' कंदील घरोघरी होता. लोखंड नाही म्हणून गाव टाळू नका: ही जागाही औंध संस्थानची आणि पुढची किर्लोस्करवाडीही.

शेणोली-ताकारी रस्त्याला हंगामात उसाच्या ट्रॉल्या असतात. मागे रिफ्लेक्टर असेलच असं नाही, म्हणून अंधारात हा टप्पा नकोच. ताकारीजवळ सागरेश्वराच्या डोंगरावर तासभर द्या. कृष्णाकाठची हिरवी पट्टी तिथून छान दिसते.

किर्लोस्करवाडी १९१० ची. बेळगावची कारखान्याची जागा सुटल्यावर लक्ष्मणराव किर्लोस्करांना औंधच्या पंतप्रतिनिधींनी कुंडलजवळ निवडुंगाचा, सापांचा माळ दिला. इथे लोखंडी नांगर होत, पण त्याने जमीन नासते, असं तेव्हा शेतकऱ्यांना वाटे. माल खपायला वेळ लागला. कारखाना आजही चालू आहे, तेव्हा ऐनवेळी फाटकाशी जाऊन उपयोग नाही. आठवडाभर आधी लेखी परवानगी मागा, सोबत ओळखपत्र ठेवा. परवानगी नसेल तर वसाहतीचे रस्ते आणि स्टेशन बघा. परतीला रेल्वे धरणार असाल तर वेळापत्रक आधी तपासा, सगळ्याच एक्स्प्रेस इथे थांबत नाहीत.