अठ्ठ्याण्णव हजार मोठे की एक लाख?

शिक्षणसेवक म्हणून पहिल्याच वर्षी माझ्याकडे पाचवीचा वर्ग आला. मोठ्या संख्यांचा लहानमोठेपणा म्हणजे दोन तासांचं काम, अशा थाटात मी फळ्यावर नियम लिहिला: डावीकडून अंक बघत या, फरक दिसेल तिथे थांबा, ज्याचा अंक मोठा ती संख्या मोठी. खाली उदाहरण दिलं, ९८७४५ आणि १०२३१०. पहिल्या बाकावरची मुलगी ताडकन म्हणाली, "पहिली मोठी." का गं? "नऊ मोठा ना एकापेक्षा!"

तिने माझा नियम तंतोतंत पाळला होता. नियमच अर्धा होता. आधी अंक किती ते मोजायचं आणि सारखे असतील तरच डावीकडून बघत जायचं, हे मी सांगितलंच नव्हतं. वर स्वल्पविरामही दिले नव्हते.

तुम्ही नव्याने पाचवी-सहावी घेणार असाल, तर एक सवय पहिल्या दिवसापासून लावा. चिन्ह टाकण्याआधी दोन्ही संख्या मोठ्याने वाचून घ्यायच्या. ९८,७४५ वाचताना "अठ्ठ्याण्णव हजार" तोंडातून निघतं, पुढचीला "एक लाख" निघतं आणि मूल आपलं आपणच हसतं. चिन्हाची चोच कुणीकडे उघडायची हा भाग पोरांना लवकर जमतो. त्यावर तास घालवू नका.

खरी गोम संख्या लिहिण्यात असते, हे कळायला मला वर्ष गेलं. "पंचवीस लाख चार हजार सात" असं सांगितलं, तर एकाने २५४७ लिहिलं, दुसऱ्याने २५,४,७. आता २५४७ लिहिणाऱ्याला ही संख्या तीन लाखांपेक्षा लहान वाटली, तर त्याची तुलना बरोबरच आहे! म्हणून उत्तरावर फुली मारण्याआधी वहीत काय लिहिलंय ते बघा.

यावर मला सापडलेला उपाय फुकटातला आहे. जुन्या लग्नपत्रिकांच्या कोऱ्या पाठी कापून कार्डं केली. दशलक्षाचं कार्ड सात अंकांच्या रुंदीचं, लाखाचं सहा, असं करत एककाचं एका अंकाचं. २०,००,००० वर ५,००,००० ठेवायचं, त्यावर ४,०००, त्यावर ७, आणि सगळ्यांच्या उजव्या कडा जुळवायच्या. वरून २५,०४,००७ दिसतं. दशहजाराचं कार्ड ठेवलंच नाही, तरी तिथलं शून्य डोकावतं. मग ४,००० चं कार्ड हळूच उचलायचं. चाराच्या जागी शून्य येतं, पण बाकीचा एकही अंक जागचा हलत नाही. शून्य घर राखतं, हे मुलांनी डोळ्यांनी बघितलं की वेगळं सांगावं लागत नाही.

दुसरी अडचण आपल्या भाषेतली. त्रेपन्न म्हणताना तीन आधी ऐकू येतो, लिहायचा मात्र नंतर. 'एकोणऐंशी हजार'मध्ये तर ऐंशी ऐकू येतं आणि लिहायचे असतात ७९. बालभारतीने २०१९ मध्ये दुसरीच्या पुस्तकात 'पन्नास तीन' अशी वाचनाची रीत दिली, तेव्हा किती विनोद झाले! माझं मत विचाराल तर दोन्ही चालू द्या. बाजारात त्रेपन्नच लागणार, पण अडखळणाऱ्या मुलाला 'पन्नास तीन'चा आधार द्यायला काय हरकत आहे?

सरावासाठी मनाने आकडे रचू नका. मी २०११ च्या जनगणनेतल्या जिल्ह्यांच्या लोकसंख्या घेते. हिंगोली ११,७७,३४५ आणि वाशिम ११,९७,१६०. दोन्हीकडे सात अंक, अकरा लाख सारखे, फरक दशहजाराच्या घरात: सात की नऊ. तिथे निकाल लागला, पुढचे अंक बघायचेच नाहीत. मग वाशिमसमोर भंडारा ठेवायचा, १२,००,३३४. इथे वर्ग हमखास फुटतो. वाशिमच्या नऊ आणि सातासमोर भंडाऱ्याची दोन शून्यं केविलवाणी दिसतात. पण लाखाच्या घरात एक की दोन, एवढंच बघायचं. पुणे जिल्हा ९४,२९,४०८ आणि मुंबई उपनगर ९३,५६,९६२ हीही जोडी अशीच फसवी. मुंबईकडचं कुणी वर्गात असेल तर भांडणही रंगतं.

आणि घरातून येणारं गणित वाया घालवू नका. माझ्या वर्गात शेळ्यांचा व्यापार करणाऱ्या घरातला एक मुलगा होता. वहीत कच्चा, पण 'पावणेतीन लाख मोठे की अडीच?' म्हटलं की बाकीचे बोटं मोजेपर्यंत त्याचं उत्तर तयार. त्यालाच फळ्याशी उभं केलं. सव्वा लाख म्हणजे १,२५,०००, पावणेदोन म्हणजे १,७५,००० असं त्याने सांगायचं, मी लिहायचं. महिनाभरात त्याची वहीही सुधारली. मोबाइलवर कुणी १,१९७,१६० असं बघून आलं, तर गोंधळू देऊ नका. स्वल्पविराम मिलियनच्या पद्धतीने पडलेत, अंक तेच आहेत. दहा लाखांचा एक मिलियन, एवढं पाचवीला पुरे.

शेवटच्या तासाला मी घरचा मोबाइल नंबर वाचायला लावते. दहा अंक, म्हणजे थेट अब्जात. तो नंबर काही मोजून आलेला नसतो हे सांगते, पण 'नऊ अब्ज' म्हणायची मजा वेगळीच असते. एकदा एकाने वडिलांचा नंबर न अडखळता वाचला, शेजारच्याच्या वहीत सरपंचांचा होता तो बघितला आणि विचारलं, "बाई, म्हणजे आमचा नंबर सरपंचांपेक्षा मोठा?" अंक मोजले, डावीकडून निघालो, कोटीच्या घरात निकाल लागला. मोठा होता. संध्याकाळपर्यंत गावभर झालं होतं.