तत्काळ पासपोर्ट: ठाण्याची गाडी पकडण्यापूर्वी

तत्काळमध्ये वेळ वाचतो तो एकाच कारणाने: पोलीस चौकशी पासपोर्ट हाती आल्यानंतर होते. कागदांची तपासणी तेवढीच कडक राहते. म्हणून अर्ज भरण्याआधी घरातले सगळे दाखले काढून शेजारी शेजारी ठेवा.

सज्ञान अर्जदाराला ठरलेल्या यादीतले कोणतेही तीन पुरावे लागतात. आधार, मतदार ओळखपत्र, पॅन, रेशनकार्ड, वाहन परवाना, बँकेचं पासबुक, जातीचा दाखला, जन्मदाखला हे सगळे त्या यादीत आहेत. सोबत साध्या कागदावर परिशिष्ट ई नमुन्यातलं स्वयंघोषणापत्र. बहुतेक अर्ज अडतात ते नावावर. आधारवर ‘सावंत’ची इंग्रजी अक्षरं एक, पॅनवर दुसरी, एकावर वडिलांचं नाव, दुसऱ्यावर नाहीच. दुरुस्ती करत बसण्यापेक्षा ज्यांची अक्षरं तंतोतंत जुळतात असे तीन निवडा, हा सर्वांत जलद मार्ग. लग्नानंतर सासरी नावच बदललेल्या स्त्रियांनी माहेरचा एक आणि सासरचे दोन असे पुरावे मिसळू नयेत. नाव पूर्ण बदलायचं असेल तर तत्काळ चालत नाही, साधा अर्ज करावा.

पत्ता ही चाकरमान्यांची खरी अडचण. रेशनकार्ड गावचं, राहणं डोंबिवलीत. अर्जात सध्या जिथे खरोखर राहता तोच पत्ता घाला, कारण पोलीस तिथेच येणार आणि स्पीड पोस्टही तिथेच. पाकीट ओळखपत्र पाहून अर्जदारालाच देतात; घराला कुलूप असेल तर ते परत जातं. गावचा पत्ता देत असाल तर वाडीचं नाव आणि घर क्रमांक आधारवर जसे छापलेत तसेच लिहा.

अर्ज फक्त शेवटी जीओव्ही डॉट इन असलेल्या पासपोर्ट सेवेच्या सरकारी संकेतस्थळावर भरा. तशाच दिसणाऱ्या खासगी साइट जादा पैसे उकळतात. ३६ पानी पासपोर्टाचे १,५०० रुपये ऑनलाइन भरायचे, तत्काळचे आणखी २,००० पासपोर्ट सेवा केंद्रावर, म्हणजे कागद तपासायला जिथे जावं लागतं तिथे. तत्काळ कोट्यात तारीख मिळाली नाही तर त्याच अर्जावर साध्या कोट्यातली तारीख घेता येते. ही सोय पुष्कळांना ठाऊक नसते आणि ते उगाच थांबून राहतात. केंद्र निवडताना ठाणे, मालाड, अंधेरी, लोअर परळ यांची तारीख पाहून मगच रेल्वेचं तिकीट काढा.

आखातात नोकरीला जाणाऱ्यांनी दहावीचं प्रमाणपत्र विसरू नये. ते जोडलं नाही तर पासपोर्टावर ईसीआर, म्हणजे ‘नोकरीसाठी परदेशी जाण्याआधी सरकारी तपासणी आवश्यक’ असा शेरा येतो, आणि कुवेत, कतार, ओमान, सौदीला नोकरीसाठी जाताना वेगळी परवानगी काढावी लागते.

केंद्रावर सगळी मूळ कागदपत्रं आणि सही केलेल्या झेरॉक्सचा एक संच न्या. मोठ्यांचा फोटो तिथेच काढतात; चार वर्षांखालच्या मुलाचा पांढऱ्या पार्श्वभूमीचा फोटो मात्र बरोबर हवा. पहिल्या काउंटरवर स्कॅन आणि बोटांचे ठसे, दुसऱ्यावर पडताळणी, तिसऱ्यावर मंजुरी. चूक सापडते ती बहुधा दुसऱ्यावर.

मंजुरी मिळाली की साधारण तिसऱ्या कामकाजाच्या दिवशी पासपोर्ट रवाना होतो. पोलीस त्यानंतर येतात, म्हणून पाकीट मिळालं तरी मूळ कागद घरीच ठेवा आणि फोन चालू ठेवा. पत्त्यावर कोणी सापडलं नाही तर अहवाल प्रतिकूल जातो आणि पासपोर्ट कार्यालयाची नोटीस येते. तिला मुदतीत लेखी उत्तर द्या, राहण्याचा पुरावा जोडून.