नोव्हा पिल्बीमचे सिनेमे बघायचेत? मग या क्रमाने बघा

थ्रिलरसाठी प्रसिद्ध दिग्दर्शक आल्फ्रेड हिचकॉकचे सिनेमे आवडीने बघणाऱ्यांनाही ब्रिटिश अभिनेत्री नोव्हा पिल्बीम हे नाव चटकन आठवत नाही आणि याचं मला खरंच वाईट वाटतं. 1919 मध्ये विम्बल्डनला जन्म, सिनेमात पदार्पण 1934 ला आणि शेवटचे सिनेमे 1948 चे, तेव्हा वय फक्त 28.

सुरुवात हिचकॉकच्या 'यंग अँड इनोसंट' (1937) पासून करा. यात नोव्हा म्हणजे पोलीसप्रमुखाची मुलगी एरिका, शूटिंगच्या वेळी ती 17 ची. पोलीस स्टेशनातला सीन नीट बघा, चक्कर येऊन पडलेल्या संशयिताला ती शुद्धीवर आणते, जराही न बावरता, जणू रोजचंच काम. हा प्रथमोपचार लक्षात ठेवा, शेवटी कामाला येतो, जास्त सांगत नाही. मग खाणीचा सीन, गाडी जमिनीत खचते, ती लटकलेली आणि वरून हात पुढे आलेला, तिथे पॉज करून तिचा चेहरा बघा. हॉटेलच्या हॉलमधून कॅमेरा थेट ड्रमवाल्याच्या डोळ्यांपर्यंत जातो त्या शॉटचं कौतुक सगळेच करतात, बरोबरच आहे, पण त्या नादात नोव्हाकडे दुर्लक्ष नको.

एक काळजी घ्या. अमेरिकेत हाच सिनेमा 'द गर्ल वॉज यंग' नावाने कापून लावला होता, त्यामुळे मुलांच्या वाढदिवसाची पार्टी आणि आंधळी कोशिंबीर दिसली नाही तर समजा तुमची प्रिंट कापलेली आहे, दुसरी शोधा.

मग मागे जा. हिचकॉकचाच 'द मॅन हू न्यू टू मच', पण 1934 चाच घ्या, 1956 च्या रिमेकमध्ये पळवून नेलेलं मूल मुलगा आहे, मूळ सिनेमात ती मुलगी म्हणजे नोव्हा. त्याच वर्षीचा 'लिटल फ्रेंड' मिळाला तर सोडू नका, आईबापाचं भांडण बघणाऱ्या पोरीचं काम आहे. नंतर 'ट्यूडर रोझ' (1936), नऊ दिवसांची राणी लेडी जेन ग्रे. अमेरिकेत याचं नाव 'नाइन डेज अ क्वीन', सर्च करताना दोन्ही नावं टाका.

चाळीसच्या दशकातले सिनेमे बघण्याआधी एवढं माहीत असू द्या. हिचकॉकच्या 'रेबेका'साठी निर्माता सेल्झनिकला ती हवी होती, पण रोल अभिनेत्री जोन फॉन्टेनला गेला. 1939 मध्ये तिने दिग्दर्शक पेन टेनिसनशी लग्न केलं, 'यंग अँड इनोसंट'ला तो असिस्टंट होता, आणि 1941 मध्ये विमान अपघातात तो गेला. तेव्हा ती 21 वर्षांची होती. हे डोक्यात ठेवून 'यलो कॅनरी' (1943) बघा, मग 'द थ्री वीअर्ड सिस्टर्स' (1948). बाकीचे सवडीने बघितले तरी चालतील. 1950 मध्ये तिने दुसरं लग्न केलं, पडद्यावर काही परत आली नाही आणि 2015 मध्ये 95 व्या वर्षी गेली.