पहिल्या अर्जाची पोच आहे का?

वकीलसाहेबांना माझं पदोन्नतीचं गाऱ्हाणं ऐकायची घाई नव्हती. त्यांनी आधी एवढंच विचारलं, "मॅडम, पहिल्या अर्जाची पोच आहे का?" मी पिशवीतून कागद काढला. आवकचा शिक्का इतका पुसट, की त्यांनी तो खिडकीपाशी उजेडात धरून तारीख लावली. मग म्हणाले, "दोन वर्षं होऊन गेली. मधे काय केलं?"

मधे मी अर्जच केले होते. सहा.

मी विदर्भातल्या एका जिल्हा परिषदेची प्राथमिक शिक्षिका. सेवाज्येष्ठता यादीत माझ्या खालच्या दोघी मुख्याध्यापिका झाल्या आणि माझं नाव 'गोपनीय अहवाल अपूर्ण' म्हणून बाजूला राहिलं. अहवाल लिहायचे साहेबांनी, अपूर्ण राहिले तर अडायचं मी! आस्थापनेच्या टेबलाशी गेलं की एकच उत्तर, "फाईल वर गेली न मॅडम." वर म्हणजे नेमकी कुठे, हे कोणी सांगत नसे.

नव्या शिक्षकांनी हे आधी समजून घ्यावं. पदोन्नती मिळण्याचा हक्क नसतो, पदोन्नतीसाठी विचार होण्याचा असतो, आणि तो राज्यघटनेच्या कलम 16 मधून येतो. पण हा हक्क झोपून राहणाऱ्याच्या कामाचा नाही. डावललं गेलं तर सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात कोर्टात यावं, असं सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्येच सांगून ठेवलंय. अर्जामागून अर्ज केल्याने मुदत वाढत नाही, हेही 2008 च्या एका निकालात आहे. मला हे सहाव्या अर्जानंतर कळलं. नशीब, तेवढ्यात पदोन्नतीची नवी फेरी निघाली आणि तिच्या आधारे याचिका उभी राहिली. जुन्या फेरीचा मानीव दिनांक, म्हणजे ज्या तारखेपासून बढती मिळाली असं धरलं जातं तो, मात्र हातचा गेला.

दार कोणतं, हेही बघा. राज्य शासनाच्या थेट सेवेत असाल तर मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, तिचं खंडपीठ नागपुरातच आहे. खाजगी अनुदानित शाळेत व्यवस्थापनाने तुम्हाला डावलून कनिष्ठाला बढती दिली, तर खाजगी शाळा कर्मचाऱ्यांच्या 1977 च्या कायद्याच्या कलम 9 खाली शाळा न्यायाधिकरणात अपील. मुदत फक्त 30 दिवस. आम्ही जिल्हा परिषदवाले मॅटमध्ये बसत नाही, म्हणून राज्यघटनेच्या कलम 226 खाली उच्च न्यायालय.

तर सकाळची एसटी धरून नागपूरचं गणेशपेठ स्थानक, तिथून ऑटोने सिव्हिल लाइन्समधलं उच्च न्यायालय. दुपारी नंबर लागला आणि चार-पाच मिनिटांत आदेश झाला: अर्जावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या. मी खूश! कार्यालयाने निर्णय घेतलासुद्धा, एका ओळीचा: 'अपात्र'. चूक आमचीच होती, मागणीच तेवढी केली होती. दुसऱ्या याचिकेत नीट मागितलं: नकाराचं पत्र रद्द करा, अमुक दिनांकापासून विचार करा, कारणांसह लेखी निर्णय द्या. ज्यांच्या बढतीला धक्का लागू शकतो त्यांनाही प्रतिवादी करावं लागतं. शेजारच्या शाळेतल्या बाईंना नोटीस जाणार म्हणून मी आठवडाभर वकिलाशी हुज्जत घातली. पण त्याला इलाज नाही.

या वेळी नाव लागलं, नव्या फेरीचा मानीव दिनांकही मिळाला. पगारातल्या फरकाची रक्कम नाही मिळाली. त्यासाठी वेगळं भांडता आलं असतं. मी नाही भांडले, थकले होते. आदेश होऊनही कार्यालय ढिम्म राहिलं तर अवमान याचिका असते, तीही वर्षाच्या आत.

आता एक नवीन गोष्ट. 1 सप्टेंबर 2025 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने पदोन्नतीसाठी टीईटी, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा, आवश्यक धरली आहे. निवृत्तीला पाच वर्षांहून कमी राहिलेल्यांना नोकरी टिकवण्यापुरती सूट आहे, बढतीसाठी नाही. ते प्रमाणपत्र नसेल तर वकील शोधायच्या आधी टीईटीचा फॉर्म भरा.