इंग्रजी उच्चार अडतोय? देवनागरीत लिहून ठेवा

इंग्रजी शब्द दिसला की आपण तो मराठीसारखाच, जसा लिहिलाय तसा वाचून मोकळे होतो आणि सगळी गडबड तिथेच होते. माझी भाची बँकेच्या इंटरव्ह्यूची तयारी करत होती, अर्थ तिला पक्का माहीत, कर्ज, पण सारखी डेब्ट डेब्ट म्हणायची. उच्चार आहे डेट. शब्द फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात बी नव्हताच, नंतर विद्वानांनी लॅटिनमधल्या डेबिटमशी नातं दिसावं म्हणून तो स्पेलिंगमध्ये घुसवला, त्यामुळे पोरीची चूक म्हणता येत नाही! रिसीटमधल्या पीचीही तीच कथा.

तर करायचं काय, एक वही घ्या. ऑनलाइन डिक्शनरीत स्पीकरचं चिन्ह असतं, ते दाबून शब्द तीनदा ऐका, मग स्पेलिंग हाताने झाका आणि कानाला जे ऐकू आलं ते देवनागरीत लिहा. आपल्याकडे ॲ आणि ऑ आहेत, बॅट आणि बेट आपण नुसतं लिहून वेगळे दाखवू शकतो, ही फार मोठी सोय आहे. मग जोर कुठे पडतो त्या अक्षराखाली रेघ मारा, हे अजिबात टाळू नका. फोटोग्राफमध्ये जोर फोवर, पण फोटो काढणारा म्हणजे फटॉग्रफर, तिथे जोर टॉवर जातो आणि पहिला फो पार दबतो.

देवनागरी एका ठिकाणी मात्र फसवते. व्ही साठी आपण व्ह लिहितो, व्हॅन, व्हिडिओ, पण म्हणून त्यात ह फुंकायचा नसतो. आरशासमोर उभे राहा, वरचे दात खालच्या ओठावर हलके टेकवा आणि व्हॅन म्हणा, आता वॉच म्हणताना दात लावू नका, ओठ शिट्टी मारल्यासारखे गोल करा. दोनचार दिवसांत फरक कळतो.

माझ्या वहीतले काही शब्द देते. हॉटेलातली मोठी खोली सूट नाही, स्वीट, अगदी गोडवाला स्वीट. नळ दुरुस्त करणारा प्लमर, बदाम आमंड, लष्करातला कर्नल (स्पेलिंगमध्ये आर शोधू नका, नाहीये). एपिटोम नाही, इपिटमी, म्हणजे एखाद्या गोष्टीचा अगदी आदर्श नमुना. हायपरबोल नाही, हायपर्बली, अतिशयोक्ती. ऑरी वाचतात तो अराय, म्हणजे बिनसलेलं, वाकडं गेलेलं. सेरेंडिपिटी, जोर डि वर, म्हणजे शोधत नसताना काहीतरी छान हाती लागणं, होरेस वॉलपोल या इंग्रज लेखकाने 1754 साली एका पत्रात हा शब्द बनवला, श्रीलंकेच्या सेरेंडिप या जुन्या नावावरून.

आणि माझा सगळ्यात लाडका, मॉंगूस. हा आपलाच मुंगूस, मराठीतून तिकडे गेलेला. फक्त गूजचं गीज होतं म्हणून याचं मॉंगीज करू नका, अनेकवचन मॉंगूसेस.