चाइल्ड सपोर्टची केस आणि माझी फुलस्केप वही

चाइल्ड सपोर्टसाठी, म्हणजे वेगळं राहणाऱ्या पालकाने मुलाच्या खर्चासाठी द्यायच्या पैशांसाठी, फोन लावण्याआधी एक नंबर जवळ घेऊन बसा. न्यू जर्सीत चाइल्ड सपोर्टच्या प्रत्येक केसला 'सीएस'पासून सुरू होणारा नंबर असतो. पुढे आठ आकडे, शेवटी एक अक्षर. मी पहिल्यांदा फोन केला तेव्हा माझ्या हातात घटस्फोटाचा डॉकेट नंबर होता, एफएम-१२ वाला. एफएम म्हणजे घटस्फोटाचं प्रकरण आणि १२ म्हणजे मिडलसेक्स काउंटी. तो झाला कोर्टाचा नंबर. पैशाचा हिशेब मात्र सीएस नंबरवर चालतो. एवढा फरक कळण्यात माझी एक अख्खी जेवणाची सुट्टी गेली.

मी मूळची सांगलीची. २०११ पासून न्यू जर्सीतल्या एडिसनला आहे, एच-४ वर, म्हणजे नवऱ्याच्या व्हिसाच्या आधाराने आले होते. केस २०१८ मध्ये उघडली. मी वकील नाही, पण आठ वर्षं हे एक खातं सांभाळतेय, आणि ओक ट्री रोडवर, म्हणजे इथल्या देशी बाजारात, भाजी घेताना कुणीतरी हळूच बाजूला घेऊन हेच प्रश्न विचारतं. म्हणून एकदाचं लिहून काढते.

आधी 'प्रोबेशन' या शब्दाचं बघू. एरवी तो गुन्हेगारांवरच्या देखरेखीसाठी वापरतात. आईला फोनवर म्हटलं, "उद्या प्रोबेशनच्या ऑफिसात जायचंय," तर ती दचकून म्हणाली, "अगं, तू काय केलंस?" काही केलेलं नव्हतं. इथे रकमेचा आदेश सुपीरियर कोर्टाचा फॅमिली विभाग देतो आणि वसुली बघतो काउंटीचा प्रोबेशन विभाग. पैसे ट्रेंटनच्या पेमेंट सेंटरमध्ये जमा होतात आणि तिथून तुमच्या बँकेत किंवा डेबिट कार्डावर येतात. १९७५ च्या केंद्रीय कायद्यामुळे प्रत्येक राज्यात अशी यंत्रणा आहे, पण ती कुणाकडे आहे हे राज्यागणिक बदलतं. टेक्सासमध्ये ती अ‍ॅटर्नी जनरलकडे आहे, कॅलिफोर्नियात त्यासाठी वेगळं खातंच आहे. तेव्हा डॅलसच्या मैत्रिणीने सांगितलेलं एडिसनमध्ये लागू पडेलच असं नाही.

केस नसेल तर अर्ज राज्याच्या चाइल्ड सपोर्टच्या वेबसाइटवर किंवा काउंटीच्या कोर्टात करता येतो. फी ६ डॉलर. मुलाचा जन्मदाखला, लग्नाचा दाखला, आधीचा काही आदेश असेल तर त्याची प्रत आणि समोरच्याबद्दल जे जे माहीत असेल ते सगळं द्या: पत्ता, कंपनीचं नाव, सोशल सिक्युरिटी नंबर, गाडीचा नंबरसुद्धा. माझ्या मुलाचा दाखला सांगलीचा, त्यावर इंग्रजी होतं म्हणून निभावलं. फक्त मराठीत असेल तर प्रमाणित भाषांतर जोडा.

व्हिसाची भीती सगळ्यांना असते, मलाही होती. केस उघडायला ग्रीन कार्ड लागत नाही. शिवाय ही सरकारी मदत नव्हे, मुलाच्या वडिलांच्या पगारातले पैसे आहेत. त्यामुळे 'पब्लिक चार्ज'मध्ये, म्हणजे तुम्ही सरकारवर बोजा आहात का हे ग्रीन कार्डाच्या वेळी बघतात त्यात, ते धरत नाहीत, आणि तुमच्या उत्पन्नात धरून त्यावर करही लागत नाही. सांगलीचा मामा म्हणाला, "तू कमावतेस ना? मग कशाला त्याच्या दारात जातेस?" मामाला मी एवढंच सांगितलं, की ही माझी पोटगी नाही. पोराच्या चपलांचं माप दर सहा महिन्यांनी बदलतं, त्याचा खर्च आहे.

घरात मारहाण झाली असेल तर ते अर्जातच सांगा, म्हणजे तुमचा पत्ता समोरच्याला कळू नये अशी नोंद केसवर करता येते. एकटीने फॉर्म भरायचं धाडस होत नसेल तर 'मानवी' ही दक्षिण आशियाई बायकांसाठी काम करणारी संस्था १९८५ पासून न्यू जर्सीतच आहे.

आता हिशेब. इथे आदेश बहुधा आठवड्याचा असतो आणि आपण विचार करतो महिन्याचा. माझा आदेश आठवड्याला १८० डॉलरचा. पहिल्या वर्षी मी चारने गुणून ७२० धरत होते आणि काही महिन्यांत जास्त पैसे आले की घाबरत होते, उद्या परत मागितले तर? वर्षाचे आठवडे ५२, म्हणजे महिन्याची सरासरी ७८०. कंपनी दर दोन आठवड्यांनी पगार देत असेल तर वर्षात दोन महिने असे येतात की तीन हप्ते जमा होतात. घाबरू नका, आणि तेवढ्यावर डिश वॉशरही घेऊ नका.

पैसे शक्यतो पगारातूनच कापले जाऊ द्या. आदेश झाला की कंपनीला कपातीची नोटीस जाते आणि त्यानंतर तुम्हाला कुणाला आठवण करून द्यावी लागत नाही. याहून मोठं सुख या सगळ्या प्रकारात नाही. खरा घोळ होतो नोकरी बदलताना. नवीन माणूस कामावर घेतला की कंपनीने २० दिवसांत राज्याला कळवायचं असतं आणि त्यावरून नवी नोटीस निघते. मधले काही आठवडे कपात बंद असते. त्या काळात पैसे देणाऱ्याने स्वतः, सीएस नंबर घालून, पेमेंट सेंटरकडे पैसे भरायचे असतात.

आमच्याकडे २०२१ मध्ये नेमकं इथेच बिनसलं. माझ्या आधीच्या नवऱ्याला नवी नोकरी लागली, तेव्हा त्याचा अगदी सभ्य फोन आला: "पाचच आठवडे आहेत, मी तुला झेलने (बँकेतून बँकेत पैसे पाठवायची सोय) सरळ पाठवतो." मी हो म्हटलं. ९०० डॉलर आले, मी पोराची कराटेची फी भरली. पण ट्रेंटनच्या खात्यावर ते पैसे कुणी पाहिलेलेच नव्हते. तिथे ९०० ची थकबाकी उभी राहिली आणि नव्या पगारातून थकबाकीपोटी जादा रक्कम कापली जाऊ लागली. त्याला वाटलं मी खोटं सांगितलं, मला वाटलं त्याने काहीतरी गोंधळ घातला. शेवटी मी सही करून लिहून दिलं, की अमुक तारखांना इतके पैसे मला थेट मिळाले. बँकेचं स्टेटमेंट जोडलं, तेव्हा ते खात्यात धरले गेले. चूक आमची दोघांचीच होती. तेव्हापासून मी थेट पैसे घेत नाही. वाढदिवसाला सायकल घ्यायची तर घे, पण हप्ता ट्रेंटनमार्गेच.

राज्याचा फोन १-८७७-६५५-४३७१. शेवटचा हप्ता कधी आला एवढंच हवं असेल तर माणसाची वाट बघू नका, वेबसाइटवर लॉगिन करून दिसतं. माणसाशी बोलायचं असेल तर रडगाणं आधी गाऊ नका. (मी गायलंय. समोरची बाई चांगली होती, पण तिच्या स्क्रीनवर रडण्यासाठी रकाना नाही.) हे असं सांगा: "शेवटचा हप्ता ३ जूनला आला, त्यानंतर तीन चुकले, त्याची नवी कंपनी ही, तिचा पत्ता हा. कपातीची नोटीस गेलीय का?" इंग्रजीची धास्ती वाटत असेल तर दुभाषी मागा. पोराला फोनवर दुभाषी करून बसवू नका, त्याच्याच बापाचा हिशेब आहे तो.

आणि वही. माझी फुलस्केप आहे, सांगलीहून आणलेली. एका पानावर असं दिसतं: "१४ सप्टें., १२.१०. बाईंचं नाव लिहिलं. नोटीस गेली १० ला. २८ पर्यंत हप्ता नाही आला तर पुन्हा फोन. पत्र मागितलं, पाठवलं नाही." २८ ला वही उघडायची. पुढच्या फोनला तारीख आणि नाव सांगता आलं की बोलणं पहिल्यापासून सुरू करावं लागत नाही.

घर, नोकरी किंवा आरोग्य विमा बदलला तर दहा दिवसांत कळवायचं असतं, दोघांनीही. रक्कम बदलायची तर फोनवर होत नाही. कोर्टात अर्ज करावा लागतो, किंवा तीन वर्षं झाली असतील तर फेरतपासणी मागता येते. बदल फार तर अर्जाच्या तारखेपासून लागू होतो, मागची थकबाकी पुसली जात नाही. त्यामुळे नोकरी गेलेल्या बापांनाही मी हेच सांगते: लाजू नका, त्याच आठवड्यात अर्ज टाका. महागाईनुसार दर दोन वर्षांनी होणारी वाढ मात्र न मागता होते, त्याचं पत्र येतं. मूल कुणाकडे कधी राहील हा विषय प्रोबेशनकडे नाहीच. भेट अडवली म्हणून हप्ता थांबत नाही आणि हप्ता चुकला म्हणून भेट अडवता येत नाही. आणि सुनावणीला सरकारी वकील असला तरी तो तुमचा वकील नसतो.

मुलाचा बाप भारतात परतला तर? हा प्रश्न आपल्याकडे हटकून येतो. पुण्यातल्या कंपनीला न्यू जर्सीची नोटीस लागू होत नाही. मुलांच्या पोषणाविषयीच्या २००७ च्या हेग करारात भारत नाही. २,५०० डॉलरच्या वर थकबाकी गेली की अमेरिकन पासपोर्ट अडवतात, पण त्याच्याकडे भारतीय पासपोर्ट असेल तर त्याचा उपयोग नाही. इथलं बँक खातं आणि टॅक्सचा परतावा यांवर हात पोचतो. बाकी वसुलीसाठी भारतातल्या कोर्टात वेगळी दाद मागावी लागते. तो जाणार अशी कुणकुण लागली तर तिकीट निघायच्या आधी वकिलाकडे जा.

माझा मुलगा आता सतराचा आहे. २०१७ पासून इथे १९ व्या वर्षी सपोर्ट आपोआप बंद होतो. तो पूर्ण वेळ कॉलेजात असेल तर २३ पर्यंत चालू ठेवायची विनंती करता येते. सपोर्ट बंद होण्याचं पहिलं पत्र १८० दिवस आधी येतं. वहीच्या शेवटच्या पानावर ती तारीख लिहून ठेवलीय, आणि मागच्या महिन्यात घर बदललं तेव्हा सगळ्यात आधी प्रोबेशनला नवा पत्ता कळवला, मग गॅसवाल्याला.